पार्श्वसंगीताचे धनी : वसंत देसाई

शाळेच्या पटांगणात रांगेत उभे राहून ज्यांनी 'ऐ मालिक तेरे बंदे हम' ही प्रार्थना म्हटली, त्यांची नातवंडेही आज तीच प्रार्थना त्याच चालीवर म्हणत आहेत. काही शाळांत तिच्या जागी 'हमको मन की शक्ति देना' ही दुसरी प्रार्थना असते. पहिली १९५७ सालच्या 'दो आँखें बारह हाथ'मधली, तर दुसरी १९७१ सालच्या 'गुड्डी'मधली. दोन्ही चाली एकाच संगीतकाराच्या आहेत, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असते. वसंत देसाई हे त्या संगीतकाराचे नाव. कोकणातल्या एका खेड्यातून आलेल्या देसाईंनी तीन दशकांहून अधिक काळ मराठी आणि हिंदी चित्रपटांना व नाटकांना संगीत दिले. तरीही नौशाद, शंकर-जयकिशन किंवा सी. रामचंद्र यांची नावे रसिकांच्या ओठांवर ज्या सहजतेने येतात, त्या सहजतेने देसाईंचे नाव येत नाही.

याचे एक कारण त्यांच्या कामाच्या स्वरूपातच दडलेले आहे. चित्रपटसंगीत म्हणजे गाणी, असे समीकरण आपल्याकडे फार लवकर रूढ झाले. गाण्याची तबकडी निघते, ती रेडिओवर वाजते, लग्नाच्या मांडवात वाजते आणि चित्रपट विस्मरणात गेला तरी मागे उरते. पार्श्वसंगीताचे तसे नाही. दोन प्रवेशांना जोडणारा सतारीचा तुकडा, नायिकेच्या मनातली घालमेल सांगणारी बासरी, किंवा मुद्दाम मोकळी सोडलेली शांतता यांची तबकडी कोणी काढत नसे. देसाई हे संपूर्ण चित्रपटाचा विचार करणारे संगीतकार होते, आणि त्यांच्या कर्तृत्वाचा निदान निम्मा भाग त्यामुळे चित्रपटगृहाच्या अंधारातच राहिला.

देसाईंचा जन्म ९ जून १९१२ रोजी तत्कालीन सावंतवाडी संस्थानातील सोनवडे या गावी झाला. कुडाळजवळचे हे गाव आज सिंधुदुर्ग जिल्ह्यात आहे. घरची परिस्थिती चांगली होती. हा सारा मुलूख दशावताराचा. जत्रेच्या रात्री देवळासमोर पेटी, मृदंग आणि झांज एवढ्याच सामग्रीवर पहाटेपर्यंत चालणारा हा खेळ म्हणजे नाट्यसंगीताची उघड्यावरची शाळाच असते. राजा येणार की राक्षस, हे पात्र दिसण्याआधी मृदंगाच्या बोलांवरून प्रेक्षकांना कळते. संकासुराची चाल वेगळी, देवाची वेगळी. प्रसंगाला नाद जोडण्याची ही रीत त्या भागातल्या मुलांच्या कानावर नकळत्या वयात पडत असे. पुढे देसाईंनी चित्रपटात जे केले, त्याचे मूळ शोधायचे तर ते या खेळापर्यंत मागे न्यावे लागते.

कोल्हापुरात १ जून १९२९ रोजी प्रभात फिल्म कंपनीची स्थापना झाली. व्ही. शांताराम, विष्णुपंत दामले, एस. फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्या या कंपनीत देसाई आरंभापासूनच दाखल झाले, तेव्हा त्यांचे वय जेमतेम सतरा वर्षांचे होते. चित्रपट अजून बोलू लागला नव्हता. १९३० सालच्या 'खुनी खंजर' या मूकपटात त्यांनी भूमिका केली. ज्याला पुढे आवाजाचे शास्त्र आत्मसात करायचे होते, त्याची सुरुवात आवाज नसलेल्या चित्रपटात व्हावी, हा योग मोठा गमतीचा म्हणावा लागेल.

दोन वर्षांतच चित्र पालटले. १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा' प्रदर्शित झाला. हरिश्चंद्राची भूमिका गोविंदराव टेंबे यांनी केली होती, तारामती झाल्या होत्या दुर्गाबाई खोटे, आणि संगीतही टेंबे यांचेच होते. या चित्रपटात देसाई गायले. त्या काळात पार्श्वगायनाची सोय नव्हती. नट किंवा नटी कॅमेऱ्यासमोरच गात आणि साथीदार झाडाआड, पडद्याआड किंवा एखाद्या खांबामागे बसून साथ करीत. मायक्रोफोन चित्रचौकटीत दिसता कामा नये आणि तरीही त्याने गायकाचा आवाज आणि वाद्ये दोन्ही योग्य प्रमाणात टिपली पाहिजेत, अशी ती कसरत होती. तबला दोन हात पुढे सरकला तर गाणे बुडे, मागे सरकला तर ठेका हरवे. ध्वनी फिल्मवरच प्रकाशाच्या रूपाने उमटत असल्याने फिल्म धुऊन आल्याशिवाय नेमके काय नोंदले गेले ते कळतही नसे. कोणता नाद कोठून आणि किती अंतरावरून यावा, हा प्रश्न त्या पिढीच्या माणसांपुढे अशा रीतीने अगदी व्यवहारात उभा राहिला.

१९३३ मध्ये प्रभातने कोल्हापूर सोडून पुण्यात बस्तान हलवले आणि देसाईही पुण्यात आले. प्रभातच्या दिवसांत त्यांनी मिळेल ते काम केले. भूमिका केल्या, गाणी गायिली, संगीत विभागात साहाय्य केले. गोविंदराव टेंबे, केशवराव भोळे आणि मास्टर कृष्णराव या तिघांच्या हाताखाली त्यांना जे शिकायला मिळाले, ते कोणत्याही विद्यालयात मिळण्यासारखे नव्हते. टेंबे हे संगीत नाटकाच्या वैभवकाळातले, पेटीवर विलक्षण हुकमत असलेले कलावंत. मास्टर कृष्णराव हे भास्करबुवा बखले यांचे शिष्य. राग हातात घेऊन तो खेळकरपणे चालीत बसवण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. भोळे यांची दृष्टी या दोघांहून निराळी होती. प्रसंग काय मागतो आहे, हे ते आधी पाहत. १९३७ सालच्या 'कुंकू'त तर नेहमीच्या पद्धतीचे पार्श्वसंगीत जवळजवळ वगळण्यात आले आणि घड्याळाचा, रस्त्याचा, घरातल्या वस्तूंचा नैसर्गिक आवाजच कथेच्या कामी लावण्यात आला. मनाविरुद्ध म्हाताऱ्या नवऱ्याच्या घरात आलेल्या नीरेची कोंडी वाद्यमेळापेक्षा त्या निःशब्द घराने अधिक सांगितली. संगीतकाराने कोठे थांबावे, याचा हा वस्तुपाठ होता. देसाईंच्या पुढच्या कामात टेंबे व कृष्णराव यांची रागदारी दिसते हे खरे; पण त्यांना इतरांपासून वेगळे काढणारी गोष्ट भोळे यांच्या वळणाची आहे.

१९४२ मध्ये शांताराम प्रभातमधून बाहेर पडले आणि मुंबईत परळ येथे त्यांनी राजकमल कलामंदिर उभारले. देसाई त्यांच्यासोबत आले. या नव्या संस्थेचा पहिला चित्रपट होता 'शकुंतला'. १९४३ मध्ये प्रदर्शित झालेला हा चित्रपट मुंबईच्या स्वस्तिक चित्रपटगृहात १०४ आठवडे चालला. शकुंतलेच्या भूमिकेत जयश्री होत्या आणि गाणीही त्यांनीच गायिली. कालिदासाचे कथानक, आश्रमाचे वातावरण आणि मराठी रंगभूमीवर 'शाकुंतल'ची असलेली मोठी परंपरा, हे सारे ओझे तिशीतल्या संगीतकाराच्या खांद्यांवर होते. चालींत नाट्यसंगीताचा वास राहू द्यायचा, पण पडद्यावर तान लांबवायची नाही, हे भान देसाईंनी या पहिल्या मोठ्या कामातच दाखवले.

पाठोपाठ १९४६ मध्ये 'डॉ. कोटणीस की अमर कहानी' आला. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस चीनमध्ये जखमी सैनिकांची सेवा करता करता १९४२ च्या डिसेंबरात तेथेच निवर्तले होते. चार वर्षांपूर्वीच्या या घटनेवरचा चित्रपट म्हणजे संगीतकाराची परीक्षाच होती. गाणी घालायची कोठे, असा प्रश्न पडावा असे कथानक. येथे देसाईंचा भर साहजिकच पार्श्वसंगीतावर राहिला. त्याच वर्षी मास्टर विनायक यांच्या 'सुभद्रा'लाही त्यांनी संगीत दिले. वडिलांच्या निधनानंतर कुटुंबाचा भार वाहणाऱ्या किशोरवयीन लता मंगेशकर या चित्रपटात त्यांच्याकडे गायल्या. पुढे लताबाईंनी देसाईंकडे गायिलेल्या गाण्यांत त्यांच्या आवाजातला एक संयत, सात्त्विक रंग दिसतो, तो अन्य संगीतकारांकडे क्वचितच आढळतो.

चित्रपटाचे पार्श्वसंगीत त्या काळी कसे तयार होई, हे समजून घेतल्याशिवाय देसाईंच्या कामाचे मोल कळणार नाही. संकलन झालेला चित्रपट एकेका रिळाने पडद्यावर दाखवला जाई. समोर वादक बसलेले, आणि त्यांच्यापुढे उभा संगीतकार किंवा संयोजक एक डोळा पडद्यावर ठेवून हाताने इशारे करीत असे. दार उघडण्याच्या क्षणी सारंगी थांबली पाहिजे, नायिकेने मान वळवताच जलतरंग उमटला पाहिजे. एखाद्या वादकाची एक मात्रा चुकली तर पुन्हा सारे पहिल्यापासून. गाण्याची चाल घरी पेटीवर बसून बांधता येते. हे काम मात्र चित्रपट शंभर वेळा पाहिल्याशिवाय होत नाही. त्यातून वेळ नेहमीच अपुरा, कारण प्रदर्शनाची तारीख डोक्यावर. म्हणून पुष्कळ संगीतकार हे काम साहाय्यकांवर सोपवीत. देसाई ते स्वतःच्या हाताबाहेर जाऊ देत नसत.

मराठीत त्यांनी जे केले, ते शाहिरी परंपरेला वाहिलेल्या दोन चित्रपटांत सर्वाधिक उठून दिसते. १९४७ सालच्या 'लोकशाहीर रामजोशी'त ग. दि. माडगूळकरांची लेखणी, जयराम शिलेदार आणि हंसा वाडकर यांच्या भूमिका आणि देसाईंचे संगीत असा योग जुळून आला. ढोलकी, तुणतुणे, कडे आणि झील यांचा फड चित्रपटाच्या पडद्यावर आणताना त्याचा रांगडेपणा घासून गुळगुळीत करण्याचा मोह अनेकांना झाला असता. देसाईंनी तो टाळला. त्यामुळेच तमाशाप्रधान मराठी चित्रपटांची जी रांग पुढे लागली, तिच्या संगीताचा पाया 'रामजोशी'ने घातला असे म्हणता येते. त्यानंतरच्या अनेक चित्रपटांनी त्यातला ठसका घेतला आणि संयम मात्र मागे ठेवला, ही गोष्ट निराळी.

दुसरा चित्रपट म्हणजे १९५१ सालचा 'अमर भूपाळी'. शाहीर होनाजी बाळाच्या जीवनावरचा. 'घनश्याम सुंदरा' ही होनाजीची भूपाळी पंडितराव नगरकर आणि लता मंगेशकर यांच्या आवाजात महाराष्ट्राच्या घराघरांत पोहोचली आणि पहाटेची वेळ व हे गाणे यांचे नाते कायमचे जडले. गाण्याची गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. कमी ठाऊक असलेली गोष्ट अशी की, १९५२ मध्ये फ्रान्समधील कान चित्रपट महोत्सवात या मराठी चित्रपटाला ध्वनिमुद्रणाच्या उत्कृष्टतेसाठी तांत्रिक आयोगाचे पारितोषिक मिळाले. ज्यांना मराठीचा गंध नाही, शाहिरीचा नाही, होनाजी कोण हे ज्यांच्या गावीही नाही, अशा परीक्षकांनी या चित्रपटाचा आवाज निवडला. पारितोषिक तंत्राचे होते आणि त्याचे श्रेय राजकमलच्या ध्वनिविभागाचे आहे, हे खरेच. पण माइकपुढे काय ठेवायचे, किती वाद्ये घ्यायची आणि कोणती गप्प ठेवायची, हे ध्वनिमुद्रकाच्या आधी संगीतकार ठरवतो. गर्दी नसलेला, प्रत्येक वाद्य सुटे ऐकू येईल असा वाद्यमेळ ही देसाईंची खूण होती.

'श्यामची आई' हा १९५३ चा. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी राष्ट्रपतींचे सुवर्णपदक या चित्रपटाने मिळवले. 'भरजरी गं पितांबर'सारखी आचार्य अत्रे यांची गीते देसाईंच्या चालीवर आजही स्नेहसंमेलनांत गायिली जातात, यापलीकडे त्यांच्याविषयी अधिक सांगण्याची गरज नाही.

१९५५ च्या 'झनक झनक पायल बाजे'ने देसाईंना देशभर नेले. कथ्थक नर्तक गोपीकृष्ण आणि संध्या यांचा हा रंगीत चित्रपट म्हणजे नृत्याचा उत्सव होता. उस्ताद अमीर खाँ यांच्यासारख्या, चित्रपटापासून दूर राहणाऱ्या आणि विलंबित ख्यालासाठी ख्यात असलेल्या गायकाने शीर्षकगीत गायले, ते अडाणा रागात. पण या चित्रपटातली सर्वांत दूरगामी घटना गाण्यांत नव्हतीच. शिवकुमार शर्मा हे तेव्हा सतरा वर्षांचे होते आणि काश्मीरबाहेर फारसे कोणी न ऐकलेले संतूर घेऊन मुंबईच्या मैफलीत आले होते. ते ऐकून शांतारामांच्या कन्या मधुरा प्रभावित झाल्या आणि त्यांनी ती गोष्ट घरी सांगितली. देसाईंनी शर्मा यांना बोलावून चित्रपटातल्या एका प्रसंगाच्या पार्श्वसंगीतात संतूर वाजवून घेतले. हिंदी चित्रपटात संतूर आले ते असे. पुढे या वाद्याचे आणि हिंदी चित्रपटाचे नाते किती घट्ट झाले, ते सर्वविदित आहे. नव्या नादाला दार उघडताना देसाईंनी ते एखाद्या गाण्याच्या मधल्या जागेत चमकवण्यासाठी न वापरता प्रसंगाच्या गरजेसाठी वापरले, हे त्यांच्या स्वभावाला धरूनच झाले.

दोनच वर्षांनी 'दो आँखें बारह हाथ' आला. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे झालेल्या खुल्या तुरुंगाच्या प्रयोगावरून सुचलेली ही कथा माडगूळकरांनी लिहिली. सहा खुनी कैदी, एक जेलर, माळरान आणि खेळणी विकणारी एक बाई. रंग नाहीत, भपका नाही. 'झनक झनक'च्या झगमगाटानंतर शांतारामांनी घेतलेले हे वळण धाडसाचे होते. देसाईंनीही तितक्याच धीटपणे वाद्ये कमी केली. भरत व्यास यांच्या शब्दांना त्यांनी दिलेली प्रार्थनेची चाल नीट ऐकली, तर तिचे यश कशात आहे ते ध्यानात येते. फार उंच नाही, फार खाली नाही. अवघड हरकत एकही नाही. लय पावलांच्या चालीशी जुळणारी. लताबाईंनी गायिली तेव्हा ती अप्रतिम वाटतेच. पण सातवीतल्या बेसूर मुलानेही म्हटली तरी ती मोडत नाही. ज्याला लोकांनी गावे असे गाणे करायचे आहे, त्याने गायकाच्या गळ्यापेक्षा लोकांच्या गळ्याचा विचार केला पाहिजे. देसाईंनी तो केला होता. चित्रपटाला १९५८ मध्ये बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल मिळाले.

यानंतर शांताराम आणि देसाई यांच्या वाटा काही काळ निराळ्या झाल्या. तसे पाहता त्याआधीही 'परछाईं'सारख्या राजकमलच्या चित्रपटांना सी. रामचंद्र यांनी संगीत दिले होतेच. १९५९ चा 'नवरंग'ही त्यांच्याकडेच गेला. शांतारामांचे संगीतकार ही देसाईंची ओळख त्यांना जितकी उपकारक ठरली तितकीच अडचणीचीही. बाहेरचे निर्माते त्यांना राजकमलचे मानत आणि शास्त्रीय बैठकीचे संगीतकार म्हणून बिचकत. ज्या काळात हिंदी चित्रपटाचा वाद्यमेळ पन्नास-साठ व्हायोलिनांकडे वळत होता, त्या काळात शहनाईवर चित्रपट उभारण्याची कल्पना दिग्दर्शक विजय भट्ट यांना सुचली आणि ते देसाईंकडे आले. १९५९ च्या 'गूँज उठी शहनाई'साठी उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांनी शहनाई वाजवली, तर सतारीसाठी उस्ताद अब्दुल हलीम जाफर खाँ आले. नायक शहनाईवादक असल्याने वाद्य हेच येथे पात्र झाले. सनईचा सूर लांबून आणि उघड्यावर ऐकण्याचा. बंद खोलीतल्या माइकपुढे तो कानावर आदळतो. चित्रपटात तो सौम्य, ओलसर राहिला आहे.

रंगभूमीशीही त्यांचे नाते जुळले ते याच सुमारास. १९६० साली विद्याधर गोखले यांचे 'पंडितराज जगन्नाथ' रंगमंचावर आले. संगीत नाटक संपले, असे म्हणणाऱ्यांची संख्या तेव्हा वाढली होती. गोखले यांच्या नाटकांनी ते म्हणणे खोटे ठरवले, आणि त्यात देसाईंच्या चालींचा वाटा मोठा आहे. प्रसाद सावकार यांनी गायिलेले 'जय गंगे भागीरथी' हे पद आठवावे. चित्रपटात काटकसरीने वागणारे देसाई नाटकात मात्र गायकाला मोकळे रान देत. एक पद कितीही रंगवावे. पुढे 'जय जय गौरीशंकर' झाले. बाळ कोल्हटकरांच्या 'देव दीनाघरी धावला'साठी तर त्यांनी कुमार गंधर्वांकडून गाऊन घेतले. त्याच नाटकातल्या ऋणानुबंधाच्या गाण्यात कुमारांसोबत त्यांनी एका अगदी नवख्या तमिळ गायिकेला उभे केले. वाणी जयराम हे तिचे नाव. मराठी रसिकांनी तिचा आवाज हिंदी श्रोत्यांच्या आधी ऐकला. 'मोलकरीण', 'स्वयंवर झाले सीतेचे' हे मराठी चित्रपटही याच दशकातले.

साठच्या दशकात देसाईंनी आणखी एक काम अंगावर घेतले, ज्यातून ना पैसा मिळण्यासारखा होता ना प्रसिद्धी. ते होते समूहगानाचे. शाळकरी मुलांना मोठ्या संख्येने एकत्र आणून देशभक्तीची गीते एका सुरात गाऊन घेणे. शेकडो मुलांच्या तोंडून एकच शब्द एकाच क्षणी उमटायचा असेल, तर चाल कशी असावी, श्वास कोठे घ्यावा, मैदानाच्या दुसऱ्या टोकाला असलेल्या मुलाला ठेका कसा कळावा, हे सारे प्रश्न पुन्हा नादाच्या अंतराचेच होते. कोल्हापूरच्या स्टुडिओत खांबाआड तबलजी बसवताना जे शिकले, ते मैदानावर कामी आले असावे, अशी कल्पना केली तर ती फार ताणलेली ठरू नये.

१९६६ च्या ऑक्टोबरमध्ये न्यूयॉर्क येथे संयुक्त राष्ट्रसंघात एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांची मैफल झाली. कांचीचे शंकराचार्य चंद्रशेखरेंद्र सरस्वती यांनी विश्वमैत्रीची कामना करणारी संस्कृत प्रार्थना त्यासाठी रचली होती. 'मैत्रीं भजत' ही ती रचना. कर्नाटक संगीताच्या सर्वश्रेष्ठ गायिकेने, दक्षिणेच्या धर्मगुरूंचे शब्द, जगाच्या व्यासपीठावर गायिले आणि त्यांना चाल दिली होती कोकणातल्या वसंत देसाईंनी. सुब्बुलक्ष्मी पुढे आयुष्यभर आपल्या मैफलींत ही प्रार्थना गात राहिल्या. शाळा, तुरुंगाचे माळरान आणि राष्ट्रसंघ अशा तीन ठिकाणी ज्याच्या प्रार्थना गायिल्या गेल्या, असा दुसरा चित्रपट संगीतकार शोधून सापडणे कठीण आहे.

चित्रपटाच्या ध्वनीविषयीची देसाईंची समज ज्यात कसाला लागली, असे दोन चित्रपट मात्र आजही दुर्लक्षित आहेत. पहिला सुनील दत्त यांचा 'यादें', १९६४ चा. पडद्यावर जवळजवळ अखेरपर्यंत एकच नट, स्वतः सुनील दत्त. घरी परतलेल्या माणसाला बायको-मुले दिसत नाहीत आणि ती आपल्याला सोडून गेली या समजाने तो रात्रभर स्वतःशी बोलत राहतो. बाकीची माणसे दिसत नाहीत. ती केवळ ऐकू येतात. मारिओ मिरांडा यांच्या रेखाचित्रांचाही त्यात उपयोग केला होता. सारा खेळ आवाजावर. घरातल्या वस्तू, आठवणीतले बोलणे, भूतकाळातला हर्ष आणि वर्तमानातला एकाकीपणा यांच्या सीमारेषा संगीताने आखायच्या होत्या. असा चित्रपट देणाऱ्या दिग्दर्शकाला संगीतकार म्हणून देसाईच हवे होते, यात नवल नाही. चित्रपट चालला नाही. काळाच्या फार पुढे असण्याची शिक्षा त्याला मिळाली.

दुसरा गुलजार यांचा १९७३ चा 'अचानक'. विनोद खन्ना यांची भूमिका असलेल्या या चित्रपटात एकही गाणे नाही. संगीतकाराच्या नावापुढे वसंत देसाई. गाण्यांवरच संगीतकाराची किंमत ठरवणाऱ्या धंद्यात गाणे नसलेला चित्रपट स्वीकारणे, हे साठी ओलांडलेल्या देसाईंनी सहज केले. आयुष्यभर जे काम गाण्यांच्या मागे झाकले गेले होते, ते येथे उघडे उभे राहिले.

या दोहोंच्या मधल्या काळात शांतारामांशी पुन्हा काम झाले. १९६५ चा 'इये मराठीचिये नगरी' आणि १९६६ चा 'लडकी सह्याद्री की' हे ते चित्रपट. दुसऱ्यात पंडित जसराज यांचे गायन आहे. नंतर हृषीकेश मुखर्जी यांच्याकडे देसाईंना आपल्या स्वभावाला मानवणारे घर मिळाले. १९६८ च्या 'आशीर्वाद'मध्ये हरींद्रनाथ चट्टोपाध्याय यांचे आगगाडीचे गीत अशोक कुमार यांनी स्वतः म्हटले. चाल अशी काही नाहीच. गाडी फलाटावरून सुटते, वेग घेते, स्थानके मागे पडतात, आणि हे सारे शब्दांच्या ठेक्यातून ऐकू येते. आगगाडी हेच त्या गाण्याचे वाद्य आहे. लहान मुलांना ते का आवडते, याचे उत्तर निराळे शोधायला नको.

मग आला 'गुड्डी'. जया भादुरी यांचा पहिला हिंदी चित्रपट आणि वाणी जयराम यांचाही. मियाँ मल्हारातले 'बोले रे पपीहरा' वाणींनी असे गायिले की हिंदी चित्रपटसृष्टीने कान टवकारले. मंगेशकर भगिनींचा दबदबा असलेल्या त्या काळात एका नव्या आवाजावर संपूर्ण चित्रपट सोपवण्याची हिंमत उतारवयातल्या संगीतकाराने दाखवली. वाणींना हिंदीत पुढे अपेक्षेइतकी संधी मिळाली नाही. दक्षिणेने मात्र त्यांना डोक्यावर घेतले.

२२ डिसेंबर १९७५. दिवसभराचे ध्वनिमुद्रण आटोपून देसाई मुंबईतल्या आपल्या राहत्या इमारतीत परतले आणि तेथील लिफ्टच्या अपघातात त्यांचा जागीच अंत झाला. वय त्रेसष्ट. आजारपण नाही, निवृत्ती नाही. काम हातात असतानाच ते गेले. त्यांनी संगीत दिलेला 'शक' हा विनोद खन्ना आणि शबाना आझमी यांचा चित्रपट दुसऱ्या वर्षी, १९७६ मध्ये प्रदर्शित झाला. एका संशयाने पोखरलेल्या संसाराची ती गोष्ट आहे, आणि त्यातली पावसाची रात्र संवादांपेक्षा पार्श्वसंगीतातूनच अधिक ऐकू येते.